चौदा तालुके, एक लॅपटॉप

सावित्रीबाई फुले पुणे विद्यापीठाच्या संगणक अभियांत्रिकीचा २०१९ चा अभ्यासक्रम उघडला, की तिसऱ्या वर्षाच्या नेटवर्कच्या प्रात्यक्षिकांत एक काम सापडतं. पॅकेट ट्रेसर वापरून तीन राउटरचं जाळं उभारा आणि त्यावर आरआयपी, ओएसपीएफ किंवा बीजीपी यांपैकी एक प्रोटोकॉल चालवून दाखवा. लोणी, संगमनेर, कोपरगाव इथल्या अभियांत्रिकी महाविद्यालयांत अशी प्रात्यक्षिकं वर्षानुवर्षं होत आली आहेत. ही तिन्ही महाविद्यालयं १९८३ सालची, उसाच्या पट्ट्यात सहकारी साखर कारखानदारीच्या आधाराने उभी राहिलेली. शेतकऱ्यांच्या पोरांना पुण्याला न जाता इंजिनिअर होता यावं, हा त्यामागचा हिशेब होता आणि तो जमला.

तीन राउटरच्या कामात खोट काही नाही, पण त्यात निर्णय घ्यायला फारसं काही उरत नाही. त्रिकोणाची एक बाजू तुटली तर उरलेल्या दोन बाजूंनी पाकीट जाणार, हे सांगायला ओएसपीएफ कशाला हवा? खरं जाळं वेडंवाकडं असतं. कुठे तीन वाटा, कुठे एकच, कुठे सगळ्यांचा भार एका नाक्यावर. असं वेडंवाकडं जाळं शोधायला लांब जायला नको. राज्यातला सर्वांत मोठा जिल्हा नगर, १७,०४८ चौरस किलोमीटर, १४ तालुके. प्रत्येक तालुक्याला एक राउटर द्यायचा आणि जिथे मुख्य रस्ता जातो तिथे तार जोडायची. हे सगळं एका लॅपटॉपवर चालतं, तेही खऱ्या राउटरच्या खऱ्या सॉफ्टवेअरसह. अट एकच, त्या सॉफ्टवेअरची इमेज नीट बसवता आली पाहिजे. बहुतेक जण अडकतात ते तिथेच, ओएसपीएफमध्ये नव्हे.

आधी एक फरक पक्का करू. पॅकेट ट्रेसर हा राउटरचा सोंगाड्या आहे. सिस्कोच्या प्रोग्रामरांनी जेवढ्या आज्ञा त्याला शिकवल्या तेवढ्यांनाच तो उत्तर देतो. त्यापलीकडची आज्ञा दिली, की ती चुकीची ठरवतो. खऱ्या राउटरवर ती चालत असली तरी. शिकायच्या पहिल्या महिन्याला तो उत्तम, कारण हलका आहे आणि चुकीची केबल लावली तर लगेच लाल दिवा दाखवतो. पण आतमध्ये राउटर नसतो. जीएनएस-३, ईव्ही-एनजी किंवा सिस्कोचं स्वतःचं मॉडेलिंग लॅब्ज यांचं तसं नाही. ती नुसती रंगमंच देतात आणि कलाकार आपण आणायचा असतो. तो कलाकार म्हणजे इमेज, राउटरच्या डिस्कवर जे असतं ते जसंच्या तसं भरलेली एक फाइल.

ही सोय फार जुनी नाही. २००५ पर्यंत घरी सिस्को शिकायचं म्हणजे जुने २५०० किंवा २६०० मालिकेतले राउटर भंगाराच्या भावात मिळवायचे आणि त्यांच्या पंख्यांच्या आवाजात अभ्यास करायचा, नाहीतर मोठ्या शहरातल्या क्लासचा रॅक तासाच्या भाड्याने घ्यायचा. त्या वर्षी फ्रान्समधल्या कोंपियेन्य तंत्रविद्यापीठातल्या क्रिस्तोफ फिलो यांनी डायनामिप्स लिहिलं. सिस्कोचा ७२०० हा राउटर मिप्स जातीच्या प्रोसेसरवर चालत असे. फिलोंनी तो प्रोसेसर, त्याची मेमरी आणि पोर्ट साध्या पीसीवर सॉफ्टवेअरमधून उभे केले. सिस्कोची कार्यप्रणाली त्यावर चढवली, तर आपण लोखंडाच्या पेटीत नाही हे तिला कळतच नसे. पुढे ३६००, ३७००, २६०० याही मालिका आल्या. डायनामिप्सच्या डोक्यावर चित्र काढून तारा जोडण्याची सोय जेरेमी ग्रॉसमन यांनी बसवली, ती जीएनएस-३.

डायनामिप्सची एक खोड अजून नव्या माणसाला रडवते, आणि ती समजली की अनुकरण म्हणजे काय हे आपोआप उमगतं. एकच राउटर सुरू केला, त्यावर काहीही काम नाही, तरी लॅपटॉपचा पंखा सुसाट सुटतो. प्रोसेसर १०० टक्के. कारण असं, की राउटरला काम नसतं तेव्हा त्याची कार्यप्रणाली स्वस्थ बसत नाही. ‘काही आलं का, काही आलं का’ असं विचारत एका छोट्या आवर्तनात फिरत राहते. खऱ्या राउटरला त्याचं काही वाटत नाही, त्याचा प्रोसेसर त्याचाच असतो. डायनामिप्सला मात्र हे रिकामं फिरणं आणि खरं काम यांतला फरक कळत नाही; ते प्रत्येक सूचना इमानेइतबारे पार पाडतं. म्हणून त्याला सांगावं लागतं, की प्रोग्राम अमुक पत्त्यावर फिरताना दिसला तर समज की हा रिकामा आहे, आणि घटकाभर झोप. या पत्त्याला आयडल-पीसी म्हणतात. जीएनएस-३ चालत्या राउटरचं निरीक्षण करून काही उमेदवार पत्ते काढतं आणि त्यांतल्या बऱ्या पत्त्यांपुढे चांदणी लावतं. एक निवडायचा, प्रोसेसरचा आकडा खाली येतो का बघायचं, नाही आला तर दुसरा. हा पत्ता इमेजगणिक वेगळा असतो, म्हणून मित्राने सांगितलेला आकडा त्याच आवृत्तीच्या इमेजला लागू पडेल, दुसरीला नाही. एकदा बरोबर सापडला की त्या इमेजसाठी तो कायमचा.

याच जुन्या इमेजच्या नावात ‘एमझेड’ अशी दोन अक्षरं असतात. पहिलं सांगतं की हे सॉफ्टवेअर मेमरीतून चालतं, दुसरं सांगतं की ते आवळून बांधलेलं आहे. लॅबमध्ये बसवतानाच गाठोडं सोडून ठेवायचं. नाहीतर प्रत्येक राउटर प्रत्येक वेळी ते नव्याने सोडत बसतो, आणि १४ राउटर एकदम सुरू केले तर तेवढा वेळ आपण पडद्याकडे बघत बसतो.

पण आज नव्याने सुरुवात करणाऱ्याने डायनामिप्सच्या वाटेला जाऊच नये, असं माझं मत आहे. राउटर बनवणाऱ्या कंपन्याच आता पेटीशिवायचा राउटर विकतात. क्लाउडमध्ये पेटी ठेवायला जागा नसते, त्यामुळे राउटर ही साध्या पीसीच्या प्रोसेसरवर चालणारी फाइल झाली. तिला वेगळ्या प्रोसेसरचं सोंग लागत नाही. फाब्रिस बेलार यांनी २००३ मध्ये आणलेलं क्यूईएमयू तिच्यासाठी मदरबोर्ड, डिस्क, नेटवर्क कार्ड उभं करतं आणि लिनक्सच्या गाभ्यात २००७ पासून असलेलं केव्हीएम तिला थेट खऱ्या प्रोसेसरवर धावू देतं. हे केव्हीएम मिळालं नाही, तर क्यूईएमयू प्रत्येक सूचनेचं भाषांतर करत बसतं आणि दीड मिनिटात सुरू होणारा राउटर चहा होऊन गेला तरी सुरू होत नाही.

ते न मिळण्याचं कारण बहुधा लॅपटॉपच्या बायोसमध्ये असतं. इंटेलवर व्हीटी-एक्स, एएमडीवर एसव्हीएम नावाची कळ बंद असते. ती सुरू करायची. विंडोजवर आणखी एक भानगड. हायपर-व्ही किंवा ‘मेमरी इंटिग्रिटी’ नावाची सुरक्षा चालू असेल, तर ती कळ विंडोजने आधीच स्वतःच्या हातात घेतलेली असते आणि व्हीएमवेअरमधल्या लॅबला ती पुढे मिळत नाही. लॅबसाठी जुन्या लॅपटॉपवर सरळ उबुंटू टाकणं मला बरं वाटतं, त्यात मधला एक थर कमी होतो. एसएसडी नसेल तर मात्र कशाचाच उपयोग नाही. एकाच वेळी १४ डिस्का वाचायला लागल्या की जुनी फिरती डिस्क मान टाकते.

आता इमेज आणायची कुठून. टेलिग्रामवर, ड्राइव्हच्या फुटक्या दुव्यांवर सिस्कोच्या इमेजचे गठ्ठेच्या गठ्ठे फिरतात, आणि अनेक क्लासमध्ये पहिल्या दिवशी पेनड्राइव्हवर तेच हातात पडतं. हे परवान्याच्या बाहेर आहे, हे एक. दुसरं, त्या फाइलला वाटेत कोणी काय केलं आहे याची खात्री कोण देणार? नेटवर्क सुरक्षेचा अभ्यास अनोळखी माणसाच्या फाइलवर करणं हा विनोदच आहे. आणि आता त्याची गरजही उरलेली नाही. सिस्कोच्या मॉडेलिंग लॅब्जची मोफत आवृत्ती पाच नोडपर्यंत चालते आणि इमेज सोबतच देते. ज्युनिपरने व्हीजुनोस लॅबच्या वापरासाठी खुला केला आहे. व्हायोसची रोलिंग आवृत्ती मोफत. २०१७ मध्ये क्वागापासून फुटून निघालेला एफआरआर तर साध्या लिनक्सवर चालणारा राउटिंगचा संच आहे. कंटेनरमध्ये टाकला तर डझनावारी राउटर सहज चालतात.

नगर जिल्ह्यासाठी मी मायक्रोटिक घेईन, आणि त्याचं कारण शिकण्यापेक्षा पोटापाण्याचं आहे. तालुक्याच्या गावात घराघरांत इंटरनेट पोचवणाऱ्या छोट्या केबलवाल्याकडे जाऊन बघा. खोलीच्या कोपऱ्यात, स्टॅबिलायझरच्या वर, लातवियाच्या मायक्रोटिक कंपनीची पेटी दिसायची शक्यता फार मोठी. ग्राहकांची नावं आणि पासवर्ड, कोणाला किती वेग, थकबाकीदाराची लाइन बंद, सगळं तिच्यावर. हीच कार्यप्रणाली सीएचआर, म्हणजे क्लाउड होस्टेड राउटर, या नावाने फाइलच्या रूपात कंपनीच्या संकेतस्थळावर मोफत मिळते. मोफत परवान्यात प्रत्येक पोर्टमधून बाहेर जाणारा वेग १ एमबीपीएसवर अडवलेला आहे. सिनेमा बघायचा नसेल तर लॅबला तेवढा पुष्कळ.

बसवण्याचं काम ईव्ही-एनजीवर असं होतं. कंपनीची फाइल कच्च्या डिस्कच्या रूपात घ्यायची. उतरवल्यावर तिचा चेकसम कंपनीने दिलेल्याशी ताडून बघायचा, कारण मोबाइलच्या हॉटस्पॉटवर अर्धवट उतरलेली फाइल वरून अगदी धडधाकट दिसते. मग क्यूईएमयूच्या साधनाने तिचं रूपांतर क्यूकाउ-२ प्रकारात करायचं. लॅबच्या सर्व्हरवर क्यूईएमयूच्या फोल्डरमध्ये नवा फोल्डर करायचा. त्याचं नाव इंग्रजी लहान अक्षरांत ‘मायक्रोटिक’, मग आडवी रेघ, मग आवृत्तीचा क्रमांक. आतल्या फाइलचं नाव ‘एचडीए’. इथे कल्पकता दाखवायची नाही. ईव्ही-एनजी फोल्डरच्या नावाच्या सुरुवातीवरून राउटरची जात ओळखतं आणि फाइलच्या नावावरून डिस्क कोणत्या तऱ्हेच्या कंट्रोलरला जोडायची ते ठरवतं. सिस्कोच्या आयओएसव्हीसाठी तीच फाइल ‘व्हर्टिओए’ नावाची लागते. फोल्डरचं नाव चुकलं तर यादीतला मायक्रोटिक निवडताच येत नाही. फाइलचं चुकलं तर राउटर उठतो, पण त्याला डिस्क सापडत नाही. शेवटी फाइलींच्या परवानग्या दुरुस्त करणारी एक आज्ञा चालवायची. ती विसरली तर बाकी सगळं बरोबर असूनही काही चालत नाही, आणि माणूस रात्रभर भलतीकडेच शोधत बसतो.

फाइल एक आणि राउटर १४, हे कसं? क्यूकाउ-२ ची खुबी यातच आहे, आणि ती सातबाऱ्याच्या व्यवहारासारखी आहे. मूळ उतारा एकच राहतो, त्याला कोणी हात लावत नाही. प्रत्येक राउटरला स्वतःची फेरफाराची वही मिळते, आणि जे काही बदललं तेवढंच तिच्यात चढतं. वाचताना आधी फेरफार बघायचा, तिथे नोंद नसेल तर मूळ उतारा. म्हणून १४ राउटरांना मिळून डिस्कवर एका राउटरपेक्षा थोडीशीच जास्त जागा लागते. फेरफार मूळ उताऱ्यात कायमचा चढवून टाकणारी आज्ञाही आहे, आणि ती जपून वापरावी. एखाद्या राउटरचा पत्ता मूळ फाइलमध्ये गेला, तर पुढचे सगळे राउटर तोच पत्ता घेऊन जन्माला येतात.

खरी टंचाई मेमरीची. सिस्कोचा सीएसआर-१००० व्ही घेतला तर एकाला ४ जीबी धरावे लागतात. १४ तालुक्यांना ५६ जीबी, म्हणजे लॅपटॉपचं नाव सोडा. आयओएसव्ही अर्ध्या जीबीत भागवतो, जिल्हा ७ जीबीत. सीएचआरला २५६ एमबी पुरतात, अख्खा जिल्हा साडेतीन जीबीत बसतो. आठ जीबीच्या लॅपटॉपवर लिनक्स असेल तर हे जमतं, विंडोजवर ओढाताण होते. शिवाय सगळे राउटर एकाच फाइलमधून उठलेले असल्याने त्यांच्या मेमरीतली बरीच पानं सारखीच असतात. लिनक्सचा गाभा अशी पानं हुडकून एकच प्रत ठेवू शकतो, त्यामुळे प्रत्यक्ष वापर कागदावरच्या हिशेबापेक्षा कमी भरतो.

आता जोडणी. जिल्ह्याचं नाव २०२४ मध्ये अहिल्यानगर झालं, पण रस्ते लोकांच्या तोंडी अजून नगर-मनमाड आणि नगर-पाथर्डीच आहेत, आणि आपल्याला रस्तेच हवेत. नगर ते राहुरी, राहुरी ते राहाता, राहाता ते कोपरगाव, हा मनमाड रस्ता. श्रीरामपूरला राहुरी, राहाता आणि नेवासा अशा तीन तारा. नगर-नेवासा, नेवासा-शेवगाव, शेवगाव-पाथर्डी, पाथर्डी-नगर, हा पूर्वेचा फेरा. दक्षिणेला नगर-श्रीगोंदा, श्रीगोंदा-कर्जत, कर्जत-जामखेड, जामखेड-नगर. पारनेर फक्त नगरला. संगमनेर राहात्याला आणि कोपरगावला, आणि संगमनेरच्या पलीकडे कळसूबाईच्या पायथ्याचं अकोले, एका तारेवर. मोजल्या तर १८ तारा. नगरला सहा जोड लागतात. ईव्ही-एनजीत पोर्टची संख्या राउटर बंद असतानाच वाढवता येते, म्हणून ते सुरू करण्याआधी बघून घ्यायचं.

सगळे सुरू केले की १४ खिडक्या उघडतात आणि प्रत्येकीत तेच नाव, मायक्रोटिक. पहिलं काम प्रत्येकाला त्याच्या तालुक्याचं नाव देणं. हे हौसेचं काम नाही, चुकीच्या खिडकीत आज्ञा देऊन भलताच तालुका बंद करणं फार सोपं असतं. दुसरं काम ओळख क्रमांक. १०.०.०.१ नगर, १०.०.०.२ राहुरी, असं १४ पर्यंत, आणि तेच ओएसपीएफचा राउटर-आयडी म्हणून हाताने लिहायचं. दोन शेजाऱ्यांचा आयडी एकच निघाला तर ते एकमेकांशी बोलायलाच नकार देतात, आणि कॉन्फिगरेशन एका राउटरमधून दुसऱ्यात चिकटवणाऱ्याच्या हातून हे हमखास होतं. तारांना १०.१४ पासून सुरू होणारे चार-चार पत्त्यांचे तुकडे द्यायचे. त्यांतले दोन वापरात येतात, दोन नियमात जातात.

ओएसपीएफ सुरू झाला, की अकोल्याहून जामखेडला पिंग जातो. जाऊ दे, त्यात मजा नाही. मजा नगरचा राउटर बंद केल्यावर आहे. जिल्ह्याचे तीन तुकडे होतात. उत्तरेचे आणि पूर्वेचे मिळून नऊ तालुके एकमेकांशी बोलत राहतात, श्रीगोंदा-कर्जत-जामखेड आपापसात, आणि पारनेर एकटं. दक्षिणेच्या तिघांना दोन-दोन तारा होत्या, म्हणजे कागदावर ते सुरक्षित होते. पण त्यांच्या फेऱ्याचा जिल्ह्याशी सांधा एकाच पेटीत होता. तार दुहेरी असणं आणि वाट दुहेरी असणं यांतला हा फरक तीन राउटरच्या त्रिकोणात कधीच दिसत नाही. आता पाथर्डी ते जामखेड एक एकोणिसावी तार टाकायची आणि नगर पुन्हा पाडायचं. दक्षिण जोडलेली राहते. पारनेरला काय द्यायचं, हे ज्याने त्याने ठरवावं. अर्धा तास वाद घालण्याजोगा प्रश्न आहे.

दुसरा प्रयोग तार तोडण्याचा. नगरहून कोपरगावला दर सेकंदाला एक पिंग चालू ठेवायचा, तो राहुरी-राहाता वाटेने जात असतो. मग राहुरी-राहाता ही तार लॅबमध्ये तोडायची, पण पोर्ट चालू दिसत राहतील अशा तऱ्हेने, म्हणजे नुसती पाकिटं गिळली जातील. श्रीरामपूरची वाट मोकळी असूनही ३० ते ४० पिंग हरवतात. राउटर शेजाऱ्याला दर १० सेकंदांनी हाक मारतो, आणि ४० सेकंद उत्तर आलं नाही तर त्याला मेलेला धरतो. शेवटची हाक ऐकून आठ-नऊ सेकंद झाले असतील तर तेवढा वेळ वाचतो, एवढंच. खऱ्या फायबरवर बहुधा असं होत नाही. रस्त्याच्या रुंदीकरणात जेसीबीने केबल उपसली की प्रकाश थांबतो, पोर्ट ताबडतोब बंद पडतो आणि राउटर दुसऱ्या क्षणी नवी वाट धरतो. लॅबमधल्या तारेत प्रकाश नाही. ती लिनक्समधला एक आभासी स्विच असते, तिचं एक टोक मेलं तरी दुसऱ्याला त्याचा पत्ता लागत नाही.

म्हणून लॅबमध्ये ४० पिंग हरवले तर प्रोटोकॉलला दोष द्यायचा नाही, आणि त्या आकड्यावरून खऱ्या जाळ्याचा अंदाजही बांधायचा नाही. पण ही परिस्थिती बाहेरही येते. दोन राउटरांच्या मध्ये कुणाचा तरी स्विच किंवा रेडिओ असेल, तर पलीकडची तार तुटल्याचं अलीकडच्या पोर्टला कळत नाही, आणि डोंगरावरच्या टॉवरवरून जोडलेल्या गावांत ही मांडणी नवी नाही. त्यासाठी बीएफडी नावाचा वेगळा प्रोटोकॉल आहे. तो सेकंदाच्या अंशागणिक हाका मारतो आणि शेजारी गप्प झाला की ओएसपीएफला लगेच कळवतो. तो सुरू करून तीच तार पुन्हा तोडली, की हरवलेले पिंग बोटांवर मोजता येतात. मात्र १४ राउटर कोंबलेल्या लॅपटॉपवर त्याची हाकांची वेळ फार कमी ठेवू नये. प्रोसेसर दुसऱ्या तालुक्यात गुंतला की धडधाकट शेजारीही मेलेला धरला जातो, आणि जिल्हाभर वाटा विनाकारण बदलायला लागतात.